निळ्या पट्ट्याची झाडं

आमच्या घरात एका विषयावर कधी बोललं जात नसे. तो विषय म्हणजे आलुबुखार. लोकांच्या घरात न बोलण्याचे विषय वेगळे असतात, कुणाचं जुनं भांडण, कुणाचं मोडलेलं लग्न. आमच्याकडे हे फळ. कारण माझी बायको सरकारी कचेरीत फळपिकांचा अंदाज काढणाऱ्या विभागाची प्रमुख होती आणि मी फळांची लाकडी खोकी बनवतो. यंदा देशात आलुबुखार किती येणार हे तिला सगळ्यांच्या आधी कळायचं, आणि किती खोकी ठोकायची हे मला त्या आकड्यावरून ठरवावं लागायचं. ज्या बातमीसाठी देशभरचे खोकीवाले कान टवकारून बसायचे, ती बातमी माझ्या समोर बसून चहा पीत असे.

लग्नानंतरच्या पहिल्या हंगामात मी लाडीगोडी लावून विचारून पाहिलं. "जाहीर झाल्यावर वाचा," ती म्हणाली. पुढे तीसेक वर्षं मला हेच उत्तर मिळालं. एकदा माझ्या सासूबाईंनी जॅमसाठी साखर किती भरून ठेवू असं सहज विचारलं, तर सख्ख्या आईलाही तिने हेच ऐकवलं. सासूबाई माझ्याकडे वळून म्हणाल्या, "जावईबापू, तुम्ही हिच्याबरोबर दिवस कसे काढता हो?" मी म्हटलं, "अंदाजाने."

धंद्यातल्या कुणाचा यावर विश्वास बसत नसे. सगळ्यांना वाटायचं, याला आतून कळतं. मी सुरुवातीला शपथा घेतल्या, मग कंटाळलो आणि नुसतं हसून गप्प बसायला लागलो. मनातून मला त्या बाईचा भारी अभिमान होता. तिच्या मागे लोक तिला 'अंदाजबाई' म्हणायचे, आणि मी अंदाजबाईंचा नवरा आहे हे मी स्वतःहून चारचौघांत सांगायचो.

तिचं काम डोळ्यांनी पाहण्यासारखं होतं. देशभरच्या बागांत तिने तरुणपणी स्वतः पायपीट करून निवडलेली झाडं होती. प्रत्येकाच्या बुंध्याला निळ्या ऑइलपेंटचा पट्टा. बहर गेला की झाडाला बारीक बारीक फळं धरतात, आणि त्यातली न पेलणारी झाड स्वतःच टाकून देतं. ही फळगळ संपली की तिची माणसं पट्ट्याच्या झाडांकडे जायची. दोघं दोन बाजूंना उभं राहून ठरलेल्या फांद्यांवरची फळं मोजायची. मोजताना बोलायचं नाही, आणि दोघांचे आकडे जुळले नाहीत तर पुन्हा मोजायचं. या झाडांना फळ किती धरलंय यावरून साऱ्या देशात किती येणार हे निघायचं.

बागेतल्या फळाबरोबर कुंपणावरचे रानटी आलुबुखारही मोजणीत धरावे लागायचे. काळेनिळे, बोराएवढे, खाल्ले तर तोंड आवळून टाकणारे, आणि झुडपाला हे एवढाले काटे. पिकांच्या आकड्यांच्या सरकारी पुस्तकात दोघांची मिळून एकच ओळ असते, 'आलुबुखार व रानटी आलुबुखार'. दुसरे अधिकारी असते तर रानटीचा आकडा खुर्चीत बसून ठोकून दिला असता. माझी बायको कुंपणात शिरायची आणि कोपरापर्यंत ओरखडे घेऊन घरी यायची. मी औषध लावताना विचारायचो, "कसे आहेत यंदा?" ती म्हणायची, "काटे छान आहेत."

तिचा एक नियम होता, निवडलेलं झाड बदलायचं नाही. आज हे मोजलं आणि उद्या ते, तर फरक पिकाचा की झाडाचा हे कसं कळणार, असं ती शिकाऊ पोरांना दरडावून सांगायची. एका बागवाल्याने पट्ट्याचं झाड तोडायला काढलं, तेव्हा ही बस पकडून तिथे गेली आणि झाडाला पाठ लावून उभी राहिली. शेवटी त्याने शेजारचं झाड तोडलं. तो माणूस अजून भेटला की हिला वाकून नमस्कार करतो आणि दोन पावलं मागे सरतो.

तिच्या नोकरीच्या शेवटच्या दहाबारा वर्षांत मात्र आकडा उतरत गेला. कचेरीच्या सभागृहात भिंतीवर एक मोठा फलक आहे, त्यावर दर वर्षी पिकाची रेषा पुढे ओढतात. ती रेषा आधी चढली, मग थोडी सपाट झाली आणि मग जी उतरायला लागली ती उतरतच राहिली. कारणं सांगणारे काय, पुष्कळ भेटतात. थंडी पडत नाही, मधमाश्या कमी झाल्या, लोकांना आता मोठी गोड फळं लागतात. माझी बायको ऐकून घ्यायची आणि घरी आली की खिडकीशी बसून राहायची.

गंमत अशी की याच वर्षांत माझी खोकी कमी पडायला लागली. जाहीर आकड्यावरून हिशेब करून ठोकलेली खोकी हंगाम संपायच्या आत संपायची आणि बागवाले दारात येऊन उभे राहायचे. मी लोकांना दोष दिला. म्हटलं, लोक खोकी घरी नेतात, कुणी त्यात कोंबड्या ठेवतं, कुणी बूट ठेवतं. बायकोच्या आकड्यावर शंका घ्यायचं माझ्या स्वप्नातही आलं नाही.

ती निवृत्त झाली. मध्ये एक साहेब आले आणि काट्यांना कंटाळून बदली घेऊन गेले. मग त्या खुर्चीवर आमची मुलगी बसली. घरात आम्ही तिला ठकी म्हणतो. कचेरीत तिच्या दारावर मोठी पितळी पाटी आहे. परीक्षा देऊन, मुलाखत देऊन तिने ती जागा मिळवली, आणि मुलाखत घेणाऱ्यांत तिची आई नव्हती, हे तिची आई कुणी न विचारता प्रत्येकाला सांगते. ठकी अजून आमच्याकडेच राहते. म्हणजे आता आलुबुखाराविषयी न बोलणाऱ्या दोघी झाल्या.

ती खुर्चीवर बसली त्याच वर्षी मोठ्या साहेबांनी विभागाला कळवलं की यंदाही रेषा उतरली तर आलुबुखाराची वेगळी ओळ बंद. पुढच्या पुस्तकात हे पीक 'इतर फळे' मध्ये जाईल आणि मोजणी थांबेल. ही बातमी गुपित नव्हती, त्यामुळे ती घरात बोलायला परवानगी होती. माझ्या बायकोने ती ऐकली आणि हातातला कप खाली ठेवला.

"इतर?" ती म्हणाली. "इतर म्हणजे ज्यांच्याकडे बघायला कुणाला वेळ नाही ते."

त्या दिवसापासून तिला दुसरं काही सुचेना. आयुष्य घातलं होतं तिने त्या एका ओळीत. यंदा रेषा चढू दे, थोडीशी का होईना चढू दे, असं ती येताजाता पुटपुटायची, आणि ठकी समोर असली की गप्प व्हायची.

फळगळ संपून मोजणी सुरू झाली. ठकी पहाटे जायची आणि संध्याकाळी मातीने माखून यायची. एवढ्या उकाड्यात तिने लांब बाह्यांचे सदरे घालायला सुरुवात केली. मी विचारलं तर म्हणाली, "उन्हाने हात काळे पडतात, बाबा." लहानपणी दिवसभर उन्हात हुंदडणारी ही पोरगी. मला नवल वाटलं, पण म्हटलं मोठ्या हुद्द्यावर माणूस बदलत असेल.

मग एका दुपारी ती माझ्या कारखान्यात आली. कारखाना म्हणजे काय, एक करवत, दोन कारागीर आणि सगळीकडे भुसा. ती एका उपड्या खोक्यावर बसली.

"बाबा, तुमची खोकी दर वर्षी कमी का पडतात?"

"लोक कोंबड्या ठेवतात," मी म्हटलं.

"खरं सांगा. शेवटी शेवटी कोण मागायला येतं? जुने बागवाले की नवे?"

मी खिळे ठोकायचं थांबवलं. असा विचार मी कधी केलाच नव्हता. जुने बागवाले शेवटी येत नसत. त्यांची घेतलेलीच खोकी उरायची, ती ते परत आणून द्यायचे. धावत यायचे ते नवे, ज्यांनी ठेंगणी झाडं दाटीने लावली आहेत ते. मी तिला तसं सांगितलं. ती भुशात बोटाने रेघा ओढत बसली.

आणि मग माझ्या डोक्यात उजेड पडला. निळा पट्टा फक्त जुन्या झाडांना होता. पट्टा रंगवला तेव्हा ती झाडं माझ्या बायकोसारखीच तरुण होती. आता ती थकली होती, त्यांना फळ कमी धरत होतं. फळ झाडांचं कमी होत होतं, देशाचं नाही. बऱ्याच नव्या बागा फळं घरी सुकवतात, रस्त्यावर विकतात, ती बाजारातल्या कुठल्या वजनकाट्यावर चढत नाहीत, त्यामुळे कुणाच्या लक्षात आलं नाही. झाड बदलायचं नाही या एका नियमापायी माझी बायको इतकी वर्षं स्वतःच्या झाडांचं म्हातारपण मोजत आली होती.

"ओळ वाचेल?" मी विचारलं.

"जाहीर झाल्यावर वाचा," ठकी म्हणाली.

"ते असू दे. पण आईला आधी सांगशील ना? आकडा जाहीर करायच्या सभेत ती पहिल्या रांगेत बसणार. सगळ्यांसमोर तिची रेषा चुकली म्हणून ऐकेल ती."

"नाही सांगणार."

"अगं, आई आहे ती तुझी."

"म्हणूनच." तिचे डोळे भरले होते, पण आवाज हलला नाही. "आकडा ठरायचाय. आईला आज सांगितलं आणि उद्या कुणी म्हटलं की आईच्या सांगण्यावरून पोरीने आकडा फिरवला, तर? त्या आकड्याला मग कोण विचारणार? बाबा, हे मला तिनेच शिकवलंय." ती उठली, कपडे झटकले आणि गेली.

ज्या गोष्टीसाठी माझी बायको देव पाण्यात घालून बसली होती, ती एकाच मार्गाने होऊ शकत होती, तिचं काम चुकलं असं सांगूनच. आणि हे घरात तिला एकटीला माहीत नव्हतं.

सभेच्या आधीच्या आठवड्यात ती मला फिरायला घेऊन गेली ती थेट गावाबाहेरच्या बागेत. तिथे तिचं एक पट्ट्याचं झाड आहे. निवृत्त झाली तरी दर वर्षी ती तिथे जाते आणि सवयीने फांद्यांवरची फळं मोजते. तिने खालून वर बघितलं, ओठ हलवत मोजलं आणि बुंध्याला हात लावून उभी राहिली.

"यंदाही कमीच," ती म्हणाली. "गेली आपली ओळ."

मला राहवेना. "अगं, ऐक, हे झाड..."

"आकड्याबद्दल असेल तर बोलू नका," ती म्हणाली. "मोजणी चालू आहे. तुमच्या पोरीच्या मार्गात येऊ नका."

आता या बाईपुढे काय डोकं फोडायचं, तुम्हीच सांगा. सभेच्या दिवशी मी कंबर धरली म्हणून पडून राहिलो. वाटलं, ही माझ्याजवळ थांबेल. तिने शेक द्यायची पिशवी गरम करून माझ्या कमरेखाली सरकवली, पाण्याचा तांब्या उशाशी ठेवला आणि पायात चपला घातल्या. मग मलाही उठावं लागलं.

सभागृह भरलं होतं. बागवाले, खोकीवाले, जॅमवाले, रोपवाटिकावाले. आम्ही पहिल्या रांगेत. मोठे साहेब दोन शब्द म्हणून बरेच शब्द बोलले. मग ठकी फलकापाशी गेली. तिने आईकडे पाहिलं नाही. जुनी निळी रेषा जिथे सपाट झाली होती तिथे तिने खडू टेकवला आणि तिथून नवी रेषा ओढली. ती वर गेली. थोडी खाली, पुन्हा वर, आणि यंदाच्या वर्षापाशी येऊन थांबली, जुन्या रेषेपासून हातभर उंच.

सगळीकडे कुजबुज सुरू झाली. ठकीने शांतपणे सांगितलं, पट्ट्याची झाडं म्हातारी झाली आहेत, नव्या बागांत एकही पट्टा नव्हता, यंदा दोन्ही मोजली आणि मागच्या वर्षांचे आकडे बागांच्या लागवडीच्या नोंदींवरून काढले. 'म्हातारी' म्हणताना तिचा आवाज एकदा अडकला. साहेबांनी चष्मा वर केला. "म्हणजे इतकी वर्षं आपण छापत आलो ती रेषा चुकीची?"

"झाडं उतरणीला लागल्यापासूनची, हो सर."

बायकोचा हात माझ्या हातात होता. मी तिच्याकडे बघायचं धाडस केलं नाही. मग तो हात निसटला आणि ती उभी राहिली. सभागृहात कुणी खोकलंसुद्धा नाही, कारण फलकावरची जुनी रेषा कुणाची हे सगळ्यांना माहीत होतं.

"नवी झाडं कुणी निवडली?" तिने विचारलं. घरातला आवाज नव्हता तो, कचेरीतला होता.

"चिठ्ठ्या टाकून, बाई," ठकी म्हणाली. आई म्हणाली नाही.

"मनाने नाही?"

"नाही. मनाने निवडली की माया बसते."

"जुनी टाकून दिलीस?"

"नाही, बाई. देशात म्हातारी झाडं आहेत तितका वाटा त्यांचा धरलाय."

"फळगळीच्या आधी मोजलंस की नंतर?"

"नंतर. उशिराच्या बागांत पुन्हा जाऊन."

बायकोने खालचा ओठ दाताखाली धरला. "आणि रानटी? तेही असेच वर गेलेत?"

"रानटी खरंच घटलेत. लोकांनी कुंपणं तोडून तारा लावल्या. तो आकडा जुन्याहूनही खाली आहे, आणि तसाच दिलाय."

"खुर्चीत बसून?"

ठकीने खडू खाली ठेवला आणि लांब बाह्या कोपराच्या वर सरकवल्या. दोन्ही हात ओरखड्यांनी भरलेले होते, काही जुने, काही ओले. मागच्या रांगेतले जुने मोजणीवाले हसायला लागले, कारण ते हात त्यांनी आधी पाहिले होते, दुसऱ्या बाईचे. त्या क्षणी मला वाटलं, माझ्याइतका श्रीमंत खोकीवाला जगात नसेल.

माझी बायको सभागृहाकडे वळली. "आकडा बरोबर आहे," ती म्हणाली. "ती रेषा माझी होती. झाडं मी जिवापाड जपली, पण ती थकलेली मला दिसली नाहीत. पुस्तकात दुरुस्ती छापा, आणि चूक कुणाची तेही छापा." एवढं बोलून ती बसली. साहेबांनी ओळ कायम राहील असं जाहीर केलं तेव्हा लोकांनी टाळ्या वाजवल्या. तिला त्या ऐकू गेल्या की नाही कोण जाणे.

थोड्या वेळाने ती माझ्या कानाशी आली. "तुम्हाला माहीत होतं?"

"खोकी कमी पडतात, एवढंच माहीत होतं."

"तिला केव्हा कळलं होतं?"

"मोजणी सुरू असतानाच."

"आणि रोज माझ्या समोर बसून जेवत होती?"

"हो."

मी वाट बघत होतो की आता ही रडेल, नाहीतर माझ्यावर डाफरेल. तिने नाक पुसलं, पाठ ताठ केली आणि हळूहळू तिच्या चेहऱ्यावर जे आलं ते मी आमच्या लग्नातही पाहिलं नव्हतं. "एक अक्षर बोलली नाही," ती म्हणाली. "कार्टी एक अक्षर बोलली नाही."

मग चहाच्या वेळी जो भेटेल त्याला ती धरून सांगायला लागली. लोक तिचं सांत्वन करायला येत होते, झालं ते झालं, मनाला लावून घेऊ नका म्हणत होते, आणि ही त्यांना मध्येच तोडून म्हणत होती, "मला सांगितलं नाही तिने. सख्ख्या आईला." ठकी तिच्याजवळ आली तेव्हा तिने आधी तिचे हात उलटेसुलटे करून पाहिले आणि मला म्हणाली, "घरी गेल्यावर औषध काढा. ते मीच लावीन."

परतताना बसमध्ये गर्दी नव्हती. ठकी मागच्या बाकावर बसल्याबसल्या झोपली, बाह्या अजून वर सरकवलेल्या होत्या. कंडक्टर तिकीट द्यायला आला, तर माझ्या बायकोने मागे बोट दाखवलं. "ती माझी मुलगी. एवढी मोठी गोष्ट होती, मला घरात कळूसुद्धा दिलं नाही तिने."

कंडक्टर भला माणूस होता. त्याने तिकीट फाडता फाडता मान हलवली. "जाऊ द्या हो, मावशी," तो म्हणाला. "हल्लीची मुलं अशीच. रागावू नका." उतरायचा थांबा येईपर्यंत तो बिचारा तिची समजूत घालत राहिला, आणि तिने ती घालू दिली.